काळपदर सैल पडतोय : दुसऱ्या प्रयोगापासून येणारा दोष आणि त्यावरचे उपाय

आमच्या एकांकिकेत चौकटीवर ताणलेल्या कापडाचा एक पदर आहे, काळपदर. पहिल्या प्रयोगाला तो हलगीसारखा ताठ. दुसऱ्याला मधोमध त्याचं पोट सुटतं. तिसऱ्याला नाटकातल्या सुमीनं आतून हात दाबला की पंजा उमटतो खरा, पण तिनं हात मागं घेतल्यावरही तो तसाच राहतो. पाचही बोटं, अंगठ्याचा उंचवटा, सगळं. निळ्या उजेडात ते इतकं स्पष्ट दिसतं की पुढचा संवाद कुणाच्याच कानात जात नाही.

आमची एकांकिका बसवायला घेतलेल्या तिन्ही मंडळांनी फोनवर हीच तक्रार सांगितली. एक मंडळ बेळगावातलंच, एक खानापूरकडचं, एक निपाणीचं. तिघांनाही तुकड्यातुकड्यानं सांगून झालं. म्हणून आता एकदाच सविस्तर लिहिते. नेपथ्य आणि सामान मीच बघते, त्यामुळे यातल्या बहुतेक चुका आधी माझ्या हातून झालेल्या आहेत.

नाटक न पाहिलेल्यांसाठी थोडक्यात : काळपदर नावाची वस्तू जगात कुठं नाही. खानापूर तालुक्यातल्या जंगलाकडेच्या एका घरात आजोबांनी करून ठेवलेलं यंत्र आहे, त्या यंत्रात हा ताणला जाणारा पदर बसवलाय. तो ताणला की चौकटीच्या आतला काळ बदलतो. नात सुमी दुसऱ्या दिवशी पहाटे पुण्याला नोकरीसाठी निघणार असते, आणि आजीसोबतची शेवटची रात्र तिला लांबवायची असते. रंगमंचावर हा पदर म्हणजे सहा फूट बाय चार फुटांच्या लाकडी चौकटीवर ताणलेलं लायक्राचं कापड, मागून दिवा.

आधी काय करू नका

कापड सैल दिसलं की हात आपसूक ओढायला जातो. आम्हीही तेच केलं. दर प्रयोगाला कडेच्या चिमट्यांत अर्धा इंच जास्त कापड घ्यायचं, की चौकट पुन्हा ताठ. तासभर बरं दिसायचं, आणि पुढच्या वेळी आणखी अर्धा इंच. चौथ्या प्रयोगापर्यंत चिमट्यांच्या जागी कापडाला भोकं पडली आणि एका कोपऱ्यात धागे सुटून शिडीसारखी उसवण वर चढत गेली.

दुसरी चूक गरम पाण्याची. सुती कापड आटतं तसं हेही आटेल, असं कुणीतरी सुचवलं आणि मी कढत पाण्यात भिजवलं. तिसरी चूक इस्त्री. दोन्हींनी कापड मेलं, दुसरा शब्द नाही. हातात घेतलं तर जुन्या परकराच्या इलॅस्टिकसारखं : ओढलं की येतं, सोडलं की परत जायचं नाव नाही.

कारण

कारण मला वडगावच्या मावशींकडून कळलं. त्या पूर्वी साड्यांच्या मागावर होत्या, आता घरी शिवणकाम करतात. मी चौकटीसकट कापड रिक्षात घालून त्यांच्याकडे नेलं. हाताखालची पोरगी कापड ताणून बघायला लागली तशा त्या तिच्यावर कन्नडमध्ये ओरडल्या, "एळीब्याड, एळीब्याड!" म्हणजे ओढू नकोस. आणि मग माझ्याकडे वळून, "हे रातभर असंच ताणून ठेवतेस काय पोरी?"

"हो मावशी. परत कोण बांधत बसणार दर वेळी?"

"मग ते बिचारं झोपणार कधी?"

एवढंच. पण सगळा दोष त्यात आला.

लायक्रा म्हणजे मुळात पॉलियुरेथेनच्या जातीचा धागा. अमेरिकेतल्या ड्यूपाँट कंपनीत जोसेफ शिव्हर्स यांनी तो १९५८ साली तयार केला. या धाग्याच्या रेणूसाखळीत दोन प्रकारचे भाग असतात. एक मऊ, वेटोळे घालून पडलेले. दुसरे कडक, एकमेकांना घट्ट धरून बसलेले. आपण ओढतो तेव्हा मऊ वेटोळी सरळ होतात, सोडतो तेव्हा परत गुंडाळली जातात, आणि हे सगळं जागच्या जागी राहतं ते कडक भागांच्या पकडीमुळे. पण ताण जास्त दिला, किंवा कमी ताण फार वेळ ठेवला, की ही पकड हळूहळू सरकते. सरकलेली जागा सोडल्यावर पूर्ववत होत नाही. उष्णतेनं तर हे सरकणं फारच लवकर होतं.

चौकटीवर कापड ताणून ठेवलं की लांबी तीच राहते, पण आतला ताण कमी होत जातो. पहिल्या काही मिनिटांत भराभर, मग संथ, पण थांबत नाही. डोळ्यांना काही दिसत नाही, कारण चौकट तेवढीच असते. हात लावल्यावर कळतं. रॉबर्ट हूक यांनी १६७८ साली मांडलेला नियम आपण शाळेत शिकतो : जेवढा ताण, तेवढी लांबीतली वाढ. स्प्रिंगला तो मर्यादेत बरोबर लागू पडतो. लायक्राला मात्र किती ओढलं यासोबत किती वेळ ओढून धरलं हेही लक्षात राहतं, आणि याआधी कुठवर ओढलं होतं तेही.

आमचा सर्वांत वाईट प्रयोग झाला तो एका गावातल्या साहित्य संमेलनात. बेळगावच्या आसपास कडोली, उचगाव, येळ्ळूर, कुद्रेमनी अशा गावांतून हिवाळ्यात ही संमेलनं भरतात, आणि रात्रीच्या सत्रात नाटकाला मिळणारा प्रेक्षक शहरात मिळत नाही. आम्ही सकाळी नऊलाच चौकट बांधून मंचावर उभी केली. दिवसभर मांडवाच्या फटीतून ऊन. रात्री नऊला पडदा उघडला तेव्हा कापड बारा तास ताणलेलं, त्यात चार तास उन्हात तापलेलं. सुमीनं हात लावला आणि अख्खा पदर तिच्या कोपरापर्यंत आत आला. पुढच्या रांगेत बसलेल्या म्हाताऱ्या बायका, ज्या आजीच्या प्रसंगाला डोळे पुसत होत्या, त्या एकमेकींकडे बघायला लागल्या. मला विंगेत उभं राहवेना.

घरी करायची परीक्षा

तुमचं कापड जिवंत आहे की गेलं, हे दहा मिनिटांत कळतं. कापड सैल पसरून त्यावर पेनानं दहा सेंटिमीटर अंतरावर दोन ठिपके काढा. ठिपक्यांतलं अंतर पंधरा होईपर्यंत ओढा आणि टाचण्यांनी फळीवर दहा मिनिटं अडकवून ठेवा. मग सोडा आणि लगेच मोजा. थोडं वाढलेलं असणारच, घाबरू नका. खरी मोजणी दुसऱ्या दिवशी सकाळी. आमच्या नव्या कापडाचं अंतर सोडल्यावर साडेदहाच्या आसपास होतं आणि सकाळी पुन्हा दहाला टेकलं. इस्त्री केलेलं कापड सकाळीही अकराच्या पुढं होतं. तसं असेल तर त्याच्यावर कष्ट करू नका, त्याच्या उशांच्या खोळी शिवा.

दुकानात घेतानाच निम्मं काम होतं. लेगिंगला वापरतात ते कॉटन लायक्रा घेऊ नका. त्यात बहुतेक सगळं सूतच असतं, लायक्रा शेकडा पाचच्या आसपास, आणि आपल्याकडच्या पावसाळी दमट हवेत सूत ओल धरून लोंबतं. पोहण्याच्या कपड्यांचं नायलॉन लायक्रा मागा, त्यात लायक्रा शेकडा वीसच्या आसपास असते. चारही बाजूंना ताणलं जाणारं हवं. दुकानदारासमोरच एक वीत कापड दीड वीत होईस्तोवर ओढा, तीस अंक मोजा, सोडा, आणि त्या जागी सुरकुती उरते का बघा.

कापायचं किती

आमची मूळची गोम इथंच होती, आणि तिन्ही मंडळांनी माझंच माप उचलल्यामुळे तीही त्यात सापडली. पैसे वाचवायचे म्हणून मी पन्नास बाय चौतीस इंचांचा तुकडा बहात्तर बाय अठ्ठेचाळीसच्या चौकटीवर ओढला होता. म्हणजे मूळ लांबीच्या चाळीस टक्क्यांहून जास्त ताण आधीच दिलेला. त्यावर नटीनं हात दाबला की त्या जागी किती होत असेल!

आता पूर्ण पन्हा वापरा. नायलॉन लायक्राचा पन्हा साधारण साठ इंच मिळतो. तो चौकटीच्या लांबीला, आणि उंचीला चाळीस इंच कापड. चारही कडा एकेक इंच दुमडीत गेल्या की उरतं अठ्ठावन्न बाय अडतीस. दोन्हीकडे ताण बसतो साधारण पाव हिस्सा. एवढा पुरतो. मागून दिवा लावल्यावर ताठपणा अर्धा उजेडच दाखवतो.

कडेला चिमटे नकोत, निवारीची, म्हणजे खाटेला विणतात तसली, पट्टी लावा. पण इथं एक अडचण आहे, जी मला मावशींनी दोनदा उसवून दाखवली. निवार ताणली जात नाही. सैल कापडावर तिला सरळ शिवलंत तर कापडाची कड कधीच लांबणार नाही आणि मध्ये झोळ येईल. म्हणून निवार चौकटीच्या मापाची कापायची, बहात्तर आणि अठ्ठेचाळीस इंच. निवारीचे आणि कापडाचे चार चार सारखे भाग करून खुणा करायच्या, खुणेला खूण जुळवून टाचण्या लावायच्या, आणि शिवताना कापड निवारीएवढं ओढत न्यायचं. टाका झिगझॅग, सुई गोल टोकाची. टोकदार सुई लायक्राचा धागा तोडते आणि तिथूनच ती शिडी सुरू होते. शिवून झाल्यावर कड झालरीसारखी गोळा होते. कुणी म्हणेल बिघडलं. तसंच हवं.

बांधायचं कसं

दोन कडा, वरची आणि डावी, चौकटीला आकड्यांनी कायमच्या. उजवी आणि खालची मात्र दोरीनं, बाजेच्या पायथ्याची दोरी आवळतात तशी. निवारीला दर चार इंचांवर पितळी डोळे ठोकून घ्या, त्यातून दोरी ओवून चौकटीच्या खिळ्यांना वळसे देत न्या आणि टोक खुंटीला. दोन माणसांना आवळायला एक मिनिट लागतं, सोडायला त्याहून कमी. दोरी सुती नको, ती ओलीनं आखडते आणि ऐन पावसाळ्यात एक बाजू जास्त ओढली जाते. लाकडी चौकटीच्या कोपऱ्यांना लोखंडी कोनपट्ट्या हव्यातच, नाहीतर चौकट समांतरभुज होते आणि दोष कापडाच्या माथी येतो.

प्रयोगाच्या आदल्या संध्याकाळी कापड आठ-दहा वेळा ओढून सोडायचं, प्रयोगात लागेल त्यापेक्षा किंचित जास्त. नव्या कापडाची पहिली ओढ नेहमी कडक असते, मग ते सैलावतं आणि एका ठिकाणी स्थिर होतं. ते सैलावणं प्रेक्षकांसमोर व्हायला नको, तालमीच्या खोलीत होऊन जाऊ दे. मग रात्रभर सोडून ठेवायचं. आवळायचं ते तिसरी घंटा झाल्यावरच.

मागचा दिवा कापडापासून निदान पाच फूट लांब, आणि जमेल तिथं एलईडी. हॅलोजन फुटभर अंतरावर ठेवून आम्ही एक पदर घालवलाय. धुणं गार पाण्यात, ब्लीच अजिबात नाही, वाळवणं सावलीत, ठेवणं गुंडाळी करून. घडी घातली तर घडीची रेघ उजेडात दिसते.

गोष्टीतला ढिलेपणा

कापड सुधारलं तरी नाटक एका जागी सैल पडतच होतं, आणि हे मला इथं लिहायलाच हवं, कारण तिन्ही मंडळांच्या हातात जुनीच संहिता आहे.

जुन्या संहितेत पदर ताणला की आत काळ हळू चालतो. ऐकायला गोड. एका प्रयोगानंतर नववीतला एक मुलगा विंगेत आला आणि म्हणाला, "ताई, आत काळ हळू चालला तर रात्र लांबणार कशी? त्यांचा एक तास होईपर्यंत बाहेर उजाडेल की." पोरगं शंभर टक्के बरोबर होतं. ज्याचं घड्याळ हळू चालतं त्याच्या वाट्याला काळ कमी येतो. सुमी आणि आजी पदराआड चार वाक्यं बोलतील आणि बाहेर पहाटेची गाडी निघून गेलेली असेल. सहा प्रयोग आम्ही उलट्या नियमावर रडवत होतो.

आमच्या मंडळातल्या सरांनी आणि मी बसून नियम फिरवला. पदर ताणला की आत काळ जास्त मावतो. बाहेर एक तास, आत तीन. याला आधार अगदीच नाही असं नाही. घड्याळं खरोखर सगळीकडे सारखी चालत नाहीत. १९७१ च्या ऑक्टोबरमध्ये हेफेल आणि कीटिंग या दोन अमेरिकन शास्त्रज्ञांनी अणुघड्याळं प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवून आणली. पूर्वेकडून फिरलेली जमिनीवरच्या घड्याळापेक्षा सुमारे ५९ नॅनोसेकंद (सेकंदाचा अब्जावा भाग म्हणजे एक नॅनोसेकंद) मागं पडली, पश्चिमेकडून फिरलेली २७३ नॅनोसेकंद पुढं गेली. मोबाइलमधल्या नकाशासाठी लागणाऱ्या जीपीएस उपग्रहांची घड्याळं तर उंचीमुळे आणि वेगामुळे मिळून दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद, म्हणजे सेकंदाचे ३८ दशलक्षांश, पुढं जातात, आणि तेवढं दुरुस्त करून घ्यावं लागतं. आपल्या पदराला फक्त हा फरक डोळ्यांना दिसेल एवढा मोठा करायचाय. एवढी सूट नाटकाला प्रेक्षक देतात. नियम उलटा लावला तर देत नाहीत.

आजोबांचा आवडता संवादही आता या नियमाला जोडलाय. ते अंगणात काठी रोवून दुपार ओळखत आणि म्हणत, "घड्याळातले बारा अलाहाबादचे, आपले अजून व्हायचेत." भारताची प्रमाणवेळ अलाहाबादजवळून जाणाऱ्या ८२.५ अंश रेखांशाची, बेळगाव जवळपास ७४.५ वर, अंशाला चार मिनिटं. आपला सूर्य डोक्यावर येतो तो सरासरी बारा वाजून बत्तीस मिनिटांनी. गावागावातल्या प्रेक्षकाला हे ऐकून एकदम पटतं की काळ ही ठिकाणागणिक बदलणारी गोष्ट आहे. म्हणून हा संवाद पहिल्या पाच मिनिटांत घ्या, जुन्या संहितेत आहे तसा शेवटी नको.

आणि नियम फिरवल्यावर जे आपोआप आलं, ते आम्ही मुद्दाम लिहून आलं नसतं. आत काळ जास्त जात असेल तर आत बसलेल्या माणसाचं वयही जास्त जातं. सुमी चोवीस वर्षांची, तिला दोन तास जास्त गेल्याचं काही वाटत नाही. आजी ब्याऐंशीची. सुमी दर वेळी पदर ओढून धरते तेव्हा ती आजीच्या उरलेल्यातलंच ओढत असते. हे आजीला आधी कळतं, आणि ती म्हणते, "सोड आता. हात दुखले असतील." नव्या संहितेत या वाक्याच्या आधी चार सेकंद थांबा. मंचावर दिवे बदलू नका, संगीत नको. आमच्या आजीचं काम करणाऱ्या मावशी त्या वेळात फक्त सुमीच्या मनगटावरची बांगडी नीट करतात.

तो पंजा

ज्या दोषानं सगळी सुरुवात झाली तो आता आम्ही शेवटच्या प्रसंगासाठी राखून ठेवलाय. पूर्ण प्रयोगभर पंजा उमटून लगेच गेला पाहिजे. पण सुमी निघून गेल्यावर, आजी एकटी पदरासमोर येते तेव्हा तो राहिलेला हवा.

त्यासाठी शेवटच्या अंधारात विंगेतल्या माणसानं खालच्या कडेची दोरी खुंटीवरून दोन बोटं सोडायची, जास्त नाही. सुमीनं अंधारातच हात दाबून मनात वीस मोजायचे आणि सरळ मागं घ्यायचा, घासत नाही. उजेड येईपर्यंत पंजा टिकतो आणि मग बघता बघता, आधी करंगळी, मग तळहात, असा भरून येतो. शेवटी अंगठ्याजवळची सावली तेवढी उरते. किती वेळ टिकेल हे त्या दिवशीच्या हवेवर आणि कापडाच्या वयावर आहे, त्यामुळे दर गावी दुपारी एकदा करून बघा. आजीनं तिचा हात त्या खुणेवर ठेवायचा तो खूण अर्धी राहिलेली असताना. पूर्ण गेल्यावर ठेवला तर प्रेक्षकांना ती काय चाचपतेय ते कळत नाही.

पडदा पडला की दुसरं काही करायच्या आधी दोन्ही दोऱ्या खुंटीवरून सोडा. हार-नारळ, भेटायला आलेली माणसं, चहा, सगळं त्यानंतर. आमच्याकडे हे काम एकाच माणसाचं ठरलेलं आहे आणि तो नमस्काराला मंचावर येत नाही.